रातपाळीहून घरी

भुतं रात्री येतात असं ज्यानं कुणी सांगितलं, त्याच्या घरात रातपाळीचा माणूस कधी नसणार. रातपाळीचा माणूस घरी येतो तो सकाळी, उन्हं वर आल्यावर. बाया पाणी भरत असतात, कुकरच्या शिट्ट्या चाललेल्या असतात, आणि हा जिन्यात चपला घासत, जांभया देत वर चढतो. सुरतेतल्या कोसाडच्या वसाहतीत हा आवाज घरोघर ओळखीचा. चैतालीच्या घरी जे झालं ते असंच सकाळी झालं, चांगल्या लख्ख उजेडात, आणि म्हणूनच सुरुवातीला त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही.

त्या दिवशी ती दुधाची थैली आणायला खाली उतरली होती. नाक्यावरच्या चहाच्या लारीवर, म्हणजे हातगाडीवर, बरणीला टेकवून मोबाइल ठेवला होता आणि त्यातून तिचाच आवाज येत होता. 'ये ना रे भाऊ, घर ये ना...' लारीवाला भावनगरकडचा, त्याला अहिराणीतलं ओ की ठो कळत नव्हतं. तरी मान डोलावत होता.

"बेन, आखो दा'डो आ ज वागे छे," तो म्हणाला. "मारी घरवाळी तो सांभळीने रडी पडे छे."

दिवसभर हेच वाजतं आणि ऐकून याची बायको रडते, म्हणे! चैताली हसली. गेल्या महिन्याभरात असं हसण्याची तिला सवय झाली होती. त्याआधी कितीतरी वर्षं तिनं लग्नाच्या ऑर्केस्ट्रात गायलं, नवरात्रात गरब्याच्या मागच्या रांगेत उभं राहून गायलं, स्वतःची हिंदी-गुजराती गाणी रचून मोबाइलवरून जगापुढे टाकली, आणि जगानं ती गुमान बाजूला सारली. पिकतं तिथे विकत नाही म्हणतात, पण हिचं कुठेच विकलं जात नव्हतं. मग लोकेश भेटला. सुरतेजवळच्या सचिन गावच्या औद्योगिक वसाहतीत एका लूमच्या कारखान्यावर त्याची खोली होती. भिंतींना गोण्या टांगलेल्या, गोण्यांत कापडाच्या चिंध्या ठासलेल्या. लूमला सुट्टी असेल त्या दिवशी खालचा खडखडाट थांबे, आणि त्या शांततेत दोघं रेकॉर्डिंग उरकून घेत. अशी सुट्ट्या-सुट्ट्यांनी गाणी जमली आणि दिवाळीनंतर चैतालीचा पहिला अल्बम आला. नाव 'रातपाळी'. गाणी तिचीच, चालीही तिच्याच.

एक सोडून. आणि चाललं ते नेमकं तेच.

'भाऊ' नावाच्या त्या गाण्यावर पोरांनी रील केल्या, लग्नात नवरीची पाठवणी होताना डीजेवाले ते लावू लागले, सुरतेच्या पेपरात तिचा फोटो आला. मुंबईच्या कुणा समीक्षकानं लिहिलं, "अल्बममधली बाकीची गाणी नीटनेटकी आहेत, पण 'भाऊ' ऐकताना आपल्याच दारात कुणीतरी येऊन उभं राहिल्यासारखं वाटतं. हे कसं साधलं असेल?" लोकेशनं ते वाचून दाखवलं तेव्हा दोघांना केवढा आनंद झाला होता!

हे साधलं कसं, ते चैतालीला ठाऊक होतं. ते तिच्या आईचं रडणं होतं.

तिचा थोरला भाऊ कुंदन पलसाण्याला हायवेवरच्या एका डाइंग मिलमध्ये होता. तिथे जेट मशीनमध्ये कापड रंगात उकळतं. काळं कापड ज्या मशीनवर घेतात त्यावर सहसा दुसरा रंग घेत नाहीत, नाहीतर पुढचा सगळा माल डागाळतो. कुंदन काळ्याच्या मशीनवर होता, पहिल्यापासून शेवटपर्यंत. कितीही साबण लावला तरी त्याच्या नखांतला काळा निघत नसे. सकाळी घरी आला की दाराच्या चौकटीला वर हात टेकवून तो चपला काढायचा. उंच पोरगा. तिथे चौकटीवर त्याच्या पंजाचा काळा डाग पडला होता. मग मोरीत हात धुवायचा, पंचाला पुसायचा, आणि त्या पंचाचा रंग बघून माय, म्हणजे मालतीबाई, रोज एकदा तरी कपाळाला हात लावायची. तो आल्याशिवाय ती घास घेत नसे. वडील पोरं लहान असतानाच गेले होते. घरात बाप म्हणा, कर्ता म्हणा, तोच होता.

दोन वर्षांपूर्वी एका पहाटे मशीनचं झाकण दाबाखाली उघडलं. सकाळी तव्यावर भाकर होती आणि जिन्यात चपलांऐवजी मिलमधल्या माणसांचे बूट वाजले.

खानदेशात बाया मेलेल्या माणसापाशी सुरात रडतात, हे आपल्याला ठाऊक असेल. चैतालीच्या घराण्यात त्या रडण्याचे दोन भाग होते. आधी आई-बहिणींनी नाव घेऊन हाक मारायची. ये ना रे कुंदन, घर ये ना, भाकर थंडी व्हई गई, माय उंबरामा बठेल शे. आणि मग घरातल्या सगळ्यांत मोठ्या बाईनं दाराकडे पाठ करून, हातातला तांब्या उंबऱ्यावर उपडा करून त्याला परत पाठवायचं. जाय रे कुंदन, तुनी वाट तुले, आम्हनं घर आम्हले, मांगे देखू नको. याला त्या 'वाट देणं' म्हणत. तेव्हा आजी, रंभाबाई, गावाहून आली होती. वाट तिनं दिली. नातवाला वाट देताना म्हातारीचा आवाज जरासुद्धा हलला नाही. बाराव्या दिवशी तिनं चैतालीला जवळ घेऊन सांगितलं, "हाक कोनी बी मारस बेटा. वाट देनं कठीन शे. पन अर्धं ठेवानं नई. अर्धं ठेवं त जो उना तो उंबरावर उभाच राहस." अर्धवट हाकेनं आलेला दारातच अडकतो, असा तिचा अर्थ. पुढच्याच वर्षी रंभाबाईही गेली.

लोकेशच्या खोलीत चैतालीनं ते रडणं पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हटलं होतं, एका दमात, डोळे मिटून. संपल्यावर लोकेशनं कानावरचे हेडफोन उतरवले. तोही जळगावकडचाच, पण त्याच्या घरात हे नव्हतं.

"हेच आपलं गाणं," तो म्हणाला. "फक्त दोन गोष्टी. 'कुंदन'च्या जागी 'भाऊ' कर. सगळ्यांना आपलं वाटेल. आणि शेवटचा तुकडा काढूया, यार. हाक आहे तोवर लोक ऐकतील. जा म्हटलं की निघून जातील."

तिला क्षणभर आजी आठवली. पण गाणं लांबत होतं, हेही खरं होतं. तिनं मान डोलावली आणि दुसऱ्यांदा म्हणताना कुंदनचं नाव गाळलं.

अल्बम आला त्या संध्याकाळी तिनं तो मायला ऐकवला. माय भिंतीला टेकून ऐकत होती. 'भाऊ' संपलं तरी ती तशीच, पुढे काहीतरी यायचं आहे अशी बसून राहिली.

"वाट देनं कथा गयं?" तिनं विचारलं.

"गाणं लांबत होतं, माय."

माय उठली आणि भाकरीला लागली. दुसऱ्या सकाळी चैताली उठली तेव्हा तव्यावर एक भाकर जास्तीची होती.

तर त्या दिवशी दूध घेऊन ती वर आली. जिन्यात तिला वास आला. गरम ओल्या कापडाचा, आंबूस वाफेचा वास. कुंदनच्या शर्टाला यायचा तो. दार उघडं होतं. मोरीतला नळ चालू होता. माय चुलीपुढे पाठमोरी बसली होती आणि मोरीच्या पडद्याखालून तांबडं पाणी वाहत येत होतं.

"माय... मोरीत कोण आहे?"

"हळू बोल," माय म्हणाली. "हात धुई राहिना."

नळ बंद झाला. पडद्याखाली दोन पाय दिसले, ओले, टाचांना भेगा पडलेले, घोट्याला काळा दोरा. चैतालीनं डोळे गच्च मिटले. तिच्या अगदी जवळून, वाऱ्यासारखं नाही, माणसासारखंच कुणीतरी गेलं. पाट सरकल्याचा आवाज झाला. मग बराच वेळ काही नाही. डोळे उघडले तेव्हा पाटासमोर ताट होतं. तव्यावरून नुकतीच काढलेली भाकर ताटात दगडासारखी थंड आणि कडक पडली होती, जशी परवाची असावी. दोरीवर पंचा ओला होता आणि त्यावर तांबडे पंजे उमटले होते.

भीती वाटली का, तर वाटली. पण खोटं कशाला सांगा, त्या भीतीच्या खाली तिला रडू येत होतं आणि त्या रडण्यात सुख होतं. आला! माझ्या हाकेनं आला! कुंदनला सांगायचं राहून गेलं होतं ना, की बघ तुझी बहीण पेपरात आली. आता सांगता येईल असं तिला वाटलं. घोट्याला दोरा तो कधी बांधत नसे, हे तिच्या लक्षात आलं नाही. किंवा तिनं येऊ दिलं नाही.

मग रोज सकाळी तेच. आधी वास, मग चपला, मग नळ. पंचावर कधी पिवळा रंग, कधी हिरवा, कधी गुलाबी. वसाहतीत कुणाला काही कळलं नाही, कारण सकाळी जिन्यात चपला वाजणं यात कळण्यासारखं काय आहे? दिवसेंदिवस गाणं वाढत होतं. सचिनमधून, उधन्यातून, अगदी नाशिक-मुंबईहून लोक लिहीत होते. ताई, रडवलंत. ताई, माझा भाऊ गेल्या वर्षी गेला, तुमचं गाणं रोज लावतो. मुंबईला मोठ्या मंचावर गाण्याचं बोलावणं आलं. लोकेशचे पाय जमिनीवर नव्हते.

आणि माय सुकत चालली होती. एवढंच चैतालीला उलगडेना. मुलगा येतो, पाटावर बसतो, मग ही आनंदात का नाही? भाकर त्याच्यापुढे वाढते आणि स्वतः मात्र तोंडात घास घालत नाही. दुपारी विचारलं तर म्हणते, आते नई. संध्याकाळी विचारलं तर म्हणते, बघू. गालफडं बसली, बांगड्या कोपराकडे सरकू लागल्या. डॉक्टरनं अशक्तपणा सांगितला आणि गोळ्या दिल्या. गोळ्या फळीवर तशाच राहिल्या.

एका सकाळी चैताली अंघोळ करून बाहेर आली तर चूल चालू, तवा धुरकटलेला आणि घरात माय नाही. ती तशीच धावत खाली गेली. लारीवाल्यानं हात करून रस्ता दाखवला, "मासी तो आम गया, उघाडा पगे." हायवेकडे जाणाऱ्या बसच्या थांब्यावर माय सापडली. पायात चपला नाहीत, पदरात भाकर बांधलेली, आणि येणाऱ्या प्रत्येक बसला विचारत होती, "पलसाना जास का?"

चैतालीनं तिचा हात धरला. हात तापला होता.

"कुठे निघालीस, माय? तो येतो ना आपल्या घरी?"

मायनं तिच्याकडे पाहिलं. असं पाहिलं, जसं लहान मुलाला आता सांगावंच लागेल म्हणून बघतात.

"तो नई येत," ती म्हणाली.

"रोज येतो. मी पाहिलंय त्याला..."

"तू पाय देखात. रंग नई देखा." मायनं पदरातली भाकर घट्ट धरली. "कुंदनले काया रंग राहे. पहिला दिन पंचावर तांबडा उना, मी समजी गई. मना पोऱ्या कायाना मशीनवर व्हता वो. तांबडा, पिवया, हिरवा... दुसरासना पोरं शेतस ते."

रस्त्यावरून ट्रक जात होते. कोपऱ्यावरच्या रिक्षात तेच गाणं चालू होतं. ये ना रे भाऊ, घर ये ना.

चैतालीला आता सगळं एकदम समजलं. नाव तिनंच गाळलं होतं. भाऊ कोण? ज्याला बहीण असेल तो प्रत्येक जण भाऊ. या शहरात कुठून कुठून पोरं येतात. ओडिशातून, बिहारमधून, आपल्या खानदेशातून, आणि मिलमध्ये, लूमवर, हायवेवर मरून जातात. गावाला कळतं तेव्हा सगळं उरकलेलं असतं. त्यांना कुणी हाक मारलेली नसते. आणि आता शहरभर, दिवसरात्र, एक पोरगी घर ये म्हणून बोलावत होती. पाटावर येऊन बसत होते ते दमलेले, परके भाऊ.

"मग तू त्यांना वाढत का राहिलीस?" तिनं विचारलं.

"उपाशी शेतस. दारमा उभं राहतस. मी त्यासले कसं काढी देऊ?" माय म्हणाली. "आन मले वाटे, एवढा उनात, त मना बी ईन. आज नई त सकायले. तो उना का मंग मी जेवसू..."

थांब्यावर बसून दोघी रडल्या. बसा आल्या आणि गेल्या. लोक वळून पाहत होते, पण थांब्यावर बायांनी रडणं या शहराला नवीन नाही.

त्याच दिवशी चैतालीनं लोकेशला गाणं काढून टाकायला सांगितलं. तो आधी हसला, मग चिडला. "वेड लागलंय का? त्या एका गाण्यावर अख्खा अल्बम उभा आहे. मुंबईत तेच ऐकायला लोक येणार आहेत!" तिनं कारण सांगितलं नाही. काय सांगणार? एवढंच म्हणाली की माझी आई मरेल. ते ऐकून त्यानं निमूट गाणं काढलं. आणि मग दोघांनाही कळलं की त्याचा उपयोग नाही. ते आता त्यांचं उरलं नव्हतं. हजारो मोबाइलमध्ये, डीजेंच्या पेट्यांत, लोकांच्या रीलमध्ये ते होतं, तेवढाच तुकडा, फक्त हाकेचा. मुंबईचं बोलावणंही राहिलं. तिचं नाव होता होता राहिलं म्हणून वसाहतीतल्या बायांनी हळहळ केली.

दुसऱ्या सकाळी जिन्यात चपला वाजल्याच.

"माय, आता एकच उपाय आहे," चैताली म्हणाली. "वाट दे. आता घरात मोठी तूच आहेस."

माय मानेनं नाही नाही म्हणत राहिली. "वाट दिनी त सगळा जातीन. तो बी."

"तो आलेलाच नाही, माय. येणार असता तर सगळ्यांच्या आधी आला असता. आजीनं त्याला नीट पाठवलंय. तो सुटलाय." आपण काय बोलतोय याची चैतालीला खात्री नव्हती. पण मायच्या गळ्याची हाडं तिला दिसत होती. "आणि ही पोरं... यांना किती दिवस असं धावायला लावायचं? जिथे गाणं लागेल तिथे जातात. यांना झोप नाही. रातपाळी करून आलेल्या माणसाला तू कधी झोपेतून उठवलंस का?"

हे मात्र मायला लागलं. कुंदन झोपला की ती घरात पावलंसुद्धा चवड्यावर टाकायची, शेजारच्या पोरांना जिन्यातून हाकलायची. तिनं डोळे पुसले आणि तांब्या भरून घेतला.

चैताली भिंतीला चिकटून उभी राहिली. मोरीतला नळ थांबला. वास इतका दाटला की डोळ्यांत पाणी आलं. मायनं दाराकडे पाठ केली. कुणाची नावं तिला माहीत नव्हती, म्हणून ती सगळ्यांना मिळूनच म्हणाली. आवाज बारीक होता, पण हलला नाही. रंभाबाईचाच आवाज.

"जा रे पोरसहोन... तुम्हनी वाट तुम्हले... आम्हनं घर आम्हले... मांगे देखू नका..."

तांब्या उपडा झाला. पाणी उंबऱ्यावरून बाहेर गेलं.

आणि मग चपला वाजू लागल्या. एकाच्या नाहीत. घरात एवढे होते हे त्या दोघींना तेव्हाच कळलं. मोरीतून, स्वयंपाकघरातून, पलंगामागून ते निघाले आणि जिन्यानं उतरू लागले, पाळी सुटल्यावर गेटातून माणसं निघतात तसे, न बोलता, पाय ओढत. शेवटचा उतरून गेला. वास गेला होता. खिडकीतून नुसता शेजारच्या फोडणीचा खमंग वास येत होता.

त्या दिवशी माय जेवली. चैतालीनं स्वतः भाकर थापली, जराशी करपली, पण गरम होती. मायनं पहिला घास हातात धरून ठेवला. "मना त उनाच नई," ती म्हणाली, आणि मग घास तोंडात घातला. संध्याकाळी चैतालीनं पंचा साबणानं घासून, पांढरा होईतो पिळून बाहेर कठड्यावर वाळत टाकला. दाराला आतून कडी लावली. कितीतरी दिवसांनी दोघी शांत झोपल्या.

सकाळी जाग आली ती उशिरा. उन्हं वर आली होती, माय अजून झोपेत होती. चैतालीनं दुधाची पिशवी घेतली आणि हळूच कडी काढली.

कठड्यावरचा पंचा काळा झाला होता.

थोडाथोडका नाही. पंजे पुसलेले, मग तोंड पुसलेलं, मग पुन्हा पंजे. आणि दाराच्या चौकटीवर, अगदी वर, जिथला जुना डाग दिवाळीच्या रंगात बुजला म्हणून माय दोन दिवस बोलली नव्हती, तिथेच, एका मोठ्या पंजाचा काळा डाग होता. ओला. बाहेर उभं राहून, हात टेकवून त्यानं चपला काढल्या असाव्यात. उंबऱ्यापाशी दोन काळी पावलं बराच वेळ उभी राहिल्यासारखी गडद उमटली होती. आत एकही नव्हतं. मग ती वळली होती.

पलसाणा लांब आहे, आणि आजीनं दिलेली वाट त्याच्याही पुढची. सगळ्यांत उशिरा तोच पोचला होता.

चैतालीनं टाचा उंचावून त्या डागावर आपला तळवा ठेवला. तो अजून कोमट होता. तिच्या तोंडून हाक येता येता राहिली. नाव ओठांवर आलं होतं, कुंदन, पूर्ण, न गाळता. तिनं दातांनी ओठ दाबून धरला. हाक मारावी तर माय पुन्हा उपाशी, आणि न मारावी तर तो हा असा, दारातून परत.

खाली जिन्यात चपला उतरत होत्या. दमलेल्या, ओळखीच्या. तिला त्यातली प्रत्येक पायरी ऐकू येत होती. तो मागे पाहत नव्हता. आईनं सांगितलं होतं ना, मागे पाहू नका. तो आईचं नेहमीच ऐकायचा.

"कोन शे वो?" आतून मायचा झोपाळलेला आवाज आला. "कोनी उना का?"

"कोणी नाही, माय," चैताली म्हणाली. "दूधवाला."

तेवढ्यात नाक्यावर लारीवाल्यानं आपला मोबाइल बरणीला टेकवला असावा. सकाळच्या गारव्यात तिचाच आवाज वर चढत आला. ये ना रे भाऊ, घर ये ना, भाकर थंडी व्हई गई...

जिन्यातल्या चपला थांबल्या. मधल्या वळणावर, ना वर, ना खाली.

चैताली दारात उभी राहून ऐकत राहिली. गाणं संपलं आणि पुन्हा पहिल्यापासून लागलं. चपला हलल्या नाहीत. त्या वळणावरची पायरी तेव्हापासून ओलीच असते. वरच्या टाकीचा पाइप गळतो असं सगळे म्हणतात. प्लंबर येऊन बघून गेला, पाइप कोरडा होता.